उखर्डूआबाचं पडणं

उखर्डूच्या आधी त्याच्या आईची तीन लेकरं गेली होती. म्हणून चौथा झाला तेव्हा त्याला सुपात घालून उकिरड्यावर ठेवलं, आणि शेजारच्या बाईने "हे कोणी टाकून दिलं?" असं मोठ्याने विचारत त्याला उचलून परत घरात आणलं. मरणाला वाटावं की माल टाकाऊ आहे. नावही त्याच हिशेबाने, उकिरड्यावरूनच पडलं. मरण फसलं ते फसलंच; सदुसष्ट वर्षं झाली, त्याने उखर्डूच्या दारात डोकावून पाहिलेलं नाही. पण त्या दिवशी उकिरड्यावर उखर्डूने जे तोंड केलं असेल, तेच पुढे जन्मभर राहिलं, असं गावातली माणसं म्हणायची. लग्न असो, मयत असो, तोंड एकच. कोणीतरी 'थांब, आलोच' म्हणून गेलंय आणि अजून आलेलं नाही, अशा माणसाचं.

गाव जामनेर तालुक्यातलं, वाघूरच्या काठचं. दोन्ही बाजूंना केळीच्या बागा. उखर्डू बाविसाव्या वर्षी केळी वाहणाऱ्या टोळीत शिरला आणि तिथेच म्हातारा झाला. एक जण कोयत्याने घड उतरवतो, दुसरा तो खांद्यावर झेलतो आणि बागेतून वाट काढत ट्रकपर्यंत नेतो. सांगायला एवढंच काम. पण खाली चिखल, आडवी पडलेली खोडं, कुजलेली पानं, त्यातून ठिबकच्या नळ्या सापासारख्या गेलेल्या. घडाला ओरखडा पडला तर व्यापारी तोंड वाकडं करतो. त्यामुळे माणसाच्या पायाला डोळे लागतात. उखर्डूच्या पायाची बोटं वर्षानुवर्षं मातीत रुतून रुतून एकमेकांपासून लांब गेली होती, भांडण झालेल्या भावांसारखी. ती जमीन धरायची.

टोळीत एक रिवाज होता. घड घेऊन माणूस पडला की आधी हसायचं, मग उचलायचं. हा उलटा क्रम कोणी घालून दिला ते कोणाला ठाऊक नव्हतं, पण पडलेल्याला त्याचा उपयोग व्हायचा. चिखलात तोंड खुपसलेलं असताना वरून हसण्याचा गलका ऐकू आला की कळायचं, आपण जिवंत आहोत, हातपाय जागेवर आहेत, नाहीतर हे लोक हसले नसते. नवल नावाचा गडी तर असा हसायचा की हसता हसता खाली बसायचा, आणि मग दोघांना उचलावं लागायचं. उखर्डू पंचेचाळीस वर्षांत तीनदा पडला. पहिल्यांदा पडला तेव्हा अंगावरची हळद निघाली नव्हती. त्या पडण्याची गोष्ट टोळीने दहा वर्षं पुरवून पुरवून खाल्ली. उखर्डू स्वतः हसायचा नाही, पण आपल्यावर टोळी हसली की त्याला जेवल्यासारखं वाटायचं.

चौथ्यांदा तो मागच्या भाद्रपदात पडला. नळीत पाय अडकला आणि तो पालथा गेला, घड खाली, तो वर. कोपराला थोडं खरचटलं, बाकी काही नाही. तो तसाच पडून राहिला आणि वाट बघू लागला.

कोणी हसलं नाही.

केळीची पानं वाऱ्याने फाटतात तेव्हा त्यांचा आवाज होतो, तो त्याने त्या दिवशी पहिल्यांदा नीट ऐकला. मग पावलं धावत आली. सगळ्यांत पुढे नवल होता, आणि त्याचा चेहरा उतरलेला होता. कोणीतरी डोक्यावर पाणी ओतलं. मुलगा गोपाल, जो आता टोळीचा मुकादम होता, गुडघ्यांवर बसून बापाचे हातपाय चाचपत विचारत होता, "आबा, लागलं का कुठी?"

दुसऱ्या दिवसापासून गोपालने त्याला घड उचलू दिला नाही. ट्रकजवळ घड ठेवतात तिथे खाली पानं अंथरायची, एवढं काम दिलं. माणसं त्याच्याशी हळू बोलू लागली. त्याच्यासमोर शिव्या देईनाशी झाली. नवल एखादा चावट किस्सा सांगता सांगता उखर्डूला पाहून थांबायचा आणि "आबा, सावलीत बसा" म्हणायचा. उखर्डू सावलीत बसायचा. सावली चांगली गार असायची आणि त्याला ती बिलकूल आवडायची नाही.

बागेच्या वाटेवरच जिल्हा परिषदेची शाळा. तिथल्या ज्योत्स्नामॅडम धुळ्याकडच्या नरडाण्याच्या. त्यांच्या वर्गात गावची लेकरं होती, केळीच्या कामासाठी सातपुड्याच्या पायथ्याहून आलेल्या पावरा कुटुंबांची होती, दोन-तीन मध्य प्रदेशातून आलेली होती. मॅडम प्रमाण मराठीत बोलायच्या, ते अर्ध्यांना कळायचं नाही. वैतागून घरच्या अहिराणीवर यायच्या, ते उरलेल्यांनाही कळायचं नाही. एका शनिवारी शेवटच्या तासाला त्यांनी थकून शाळेच्या मोठ्या टीव्हीवर शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीचा एक मुका छोटा सिनेमा लावला. पाच-सहा मिनिटांचा, काळा-पांढरा, माणसं तुरुतुरु चालणारी. आणि सगळा वर्ग एकाच क्षणी हसला. तेव्हापासून दर शनिवारी शेवटचा तास मुक्या सिनेमाचा.

उखर्डू पानांचा भारा घेऊन चालला होता आणि त्याला हसणं ऐकू आलं. त्याने भारा खिडकीखाली ठेवला आणि आत पाहिलं.

पडद्यावर एक पांढऱ्या दाढीचा म्हातारा होता. खांद्यावर माणसाएवढं उभं घड्याळ घेऊन तो रस्त्याने चालला होता, मोठ्या जबाबदारीने. तो एका खड्ड्यात गेला, घड्याळासकट वर आला. कुत्र्याने कोट धरून त्याला आडवा केला. पुढे एका लग्नाच्या वरातीत तो समोरून शिरला आणि मागून बाहेर पडला तेव्हा त्याच्या डोक्यावर नवरीची टोपी होती. सात वेळा पडला. घड्याळाला काही झालं नाही, फक्त काटे गरगर फिरायचे. शेवटी तो एका घरी पोचला. घरधन्याने खिशातलं घड्याळ काढून बघितलं, ह्याचं पाच मिनिटं मागे आहे असं बोटाने दाखवलं, आणि त्याला आल्या वाटेने परत पाठवलं. म्हाताऱ्याने घड्याळ पुन्हा खांद्यावर घेतलं.

लेकरं बाकांवर लोळत होती. उखर्डू हसला नाही, पण खिडकीचे गज धरून तसाच उभा राहिला. सात वेळा पडलेल्या म्हाताऱ्याला एकानेही लागलं का म्हणून विचारलं नव्हतं.

वर्ग सुटल्यावर त्याने मॅडमना विचारलं, हा बाबा पुढे वारला का. मॅडम म्हणाल्या, त्यातली सगळीच वारली, आबा, कुत्रासुद्धा. शंभर वर्षं होऊन गेली. उखर्डूने विचार केला. मेला, पण पडायचा थांबला नाही, एवढं त्याच्या लक्षात राहिलं.

मग तो दर शनिवारी खिडकीत येऊ लागला. कापणी कशी बघावी तसं तो पडणं बघायचा. घरी येऊन बायकोला, कुंदाबाईला, समजावून सांगायचा की हे लोक पडतात म्हणून हसू येत नाही. त्यांना फार महत्त्वाचं काम असतं आणि तेवढ्यात पडतात, म्हणून येतं. आणि पडल्यावर ते आपल्याकडे बघत नाहीत. आपल्याकडे बघितलं की कीव आली. कुंदाबाई भाकरी थापता थापता म्हणायची की लोक म्हातारपणी पोथी लावतात, आमच्या माणसाने पडायची शिकवणी लावली. पण ती ऐकायची, कारण तो इतकं सलग कधी बोललाच नव्हता.

दिवाळीनंतर एका शनिवारी त्याने मॅडमना गाठलं. म्हणाला, तुमच्या फोनमध्ये सिनेमा निघतो का? मला पडताना काढा. मॅडमना आधी गंमत वाटली, मग त्यांनी त्याच्या तोंडाकडे पाहिलं.

"मी पडलो, मॅडम, अन् एक मानूस हासला नही," उखर्डू म्हणाला. "पंचेचाळीस वर्सं मी ह्या टोळीत हाये. एकजनबी हासला नही. मले मेल्यावानी वाटलं. त्या घड्याळवाल्या बाबाले जसं काढेल हाये तसं काढा. टोळी हासली पाहिजे."

मॅडमनी होकार दिला. गोष्टही त्यांनीच सुचवली, सगळ्यांत सोपी: माणूस घड घेऊन येतो, केळीच्या सालीवर पाय पडतो, घसरतो. घड हलका, पडायची जागा मऊ. बाग बन्सीलालची. बन्सीलाल केळीवाला म्हणून तालुक्याला माहीत, पाच हजार खोडांचा धनी, उखर्डूच्याच वयाचा, आणि सिनेमा म्हटल्यावर सगळ्यांत आधी आंघोळ करून आलेला.

रविवारी सकाळी तिघं बागेत जमले आणि तेव्हा कुठे लक्षात आलं की पाच हजार खोडांच्या त्या बागेत घसरण्याजोगी एक साल नाही.

इथलं केळं झाडावर पिकू देत नाहीत. हिरवं उतरतं, हिरवं ट्रकमध्ये चढतं, आणि कुठल्यातरी लांबच्या गावी जाऊन पिवळं होतं. बन्सीलालला हे काही अडचणीचं वाटलं नाही. त्याने कोयत्याने एक हिरवं केळं सोललं. हिरवी साल सुटत नाही, ती खरवडून काढावी लागते. तिचे तुकडे वाटेवर पसरले. उखर्डू घड घेऊन आला, सालीवर पाय दिला, आणि पाय उचलला तर चप्पल तिथेच राहिली. चीक सुटला होता. त्याने दुसरा पाय दिला, दुसरी चप्पल राहिली. तो अनवाणी, तसाच गंभीर, पुढे निघून गेला आणि चपला वाटेवर एकीपुढे एक, चालता चालता मालक हरवल्यासारख्या उभ्या राहिल्या.

पिकलेलं केळं पाहिजे, मॅडम म्हणाल्या. ते जामनेरला हातगाडीवर मिळणार. आता बन्सीलालचा चेहरा पडला. केळं विकत आणायचं? त्याने? बापजन्मात त्या घराण्यात असं झालं नव्हतं. शेवटी तो मोटरसायकलवर गेला, भर उन्हात तोंडाला मफलर गुंडाळून. परत आला तेव्हा पिशवी शर्टाच्या आत होती. गाडीवाल्याने ओळखलं नाही, पण वर "काका, घ्या, खास जामनेरचा माल" असं सांगितलं, याचंच त्याला जास्त लागलं.

साली पसरल्या, पिवळ्याधमक, ओल्या. मॅडमनी पुन्हा फोन धरला. उखर्डू घड घेऊन आला. सालीवर पाय पडला. पाय अर्धा इंच सरकला, बोटं फाकली, त्यांनी सालीसकट जमीन धरली, आणि उखर्डू पलीकडे गेला.

पुन्हा काढलं. पुन्हा तो गेला. मॅडमनी एकाच्या जागी चार साली टाकल्या, मग दहा. उखर्डू मनाशी ठरवून यायचा की आता पडायचं, पण ठरवायचा तो वर, आणि खाली पाय आपलं काम करून मोकळे व्हायचे. पाचव्या वेळी बन्सीलालने सालींवर अंगाचा साबण लावून पाणी शिंपडलं. सहाव्या वेळी खोबरेल. उखर्डू तेलावरून गेला. बन्सीलाल चिडला. पडायला काय अक्कल लागते, हे बघ, असं म्हणत तो दाखवायला पुढे झाला, आणि दाखवायच्या आधीच पडला. मॅडम हसत मागे सरकल्या आणि पाण्याच्या चारीत बसल्या. फोन मात्र त्यांनी वर धरून ठेवला. ह्या गडबडीत उखर्डूला वाटलं की पुन्हा यायची खूण झाली आहे. तो घड घेऊन आला, आडव्या बन्सीलालला ओलांडून गेला.

नऊ वेळा झालं. दुपार झाली. कुंदाबाई भाकरी घेऊन आली, तिने वाटेवरच्या साली, साबण, तेल, चिखलाने माखलेला बागवाला आणि ओल्या साडीतली मास्तरीण पाहिली.

"दोन मानसं अन् तेलाची बाटली लावली," ती म्हणाली, "तरी तुमचं एवढं एक होईना का?"

उखर्डू जेवला नाही. त्याने मॅडमना सांगितलं की ते सगळं पुसून टाका. एक दिवस पडलो तर कोणी हसलं नाही, आणि आता हसवायला जातो तर पडता येत नाही; असं माणूस टोळीला कशाला दाखवायचं. मॅडमनी काही पुसलं नाही. त्या नऊ खेपा त्यांनी एकापुढे एक जोडल्या, रंग काढून टाकला, चाल थोडी वाढवली. सोमवारी वाटेत उखर्डू दिसला तेव्हा घाईत त्या घरच्या बोलीवर आल्या.

"आबा, बठ्ठं देखी ल्या, मंग सांगा," त्या म्हणाल्या.

आधी सगळं बघायचं म्हटल्यावर त्याने नाही म्हणून मान हलवली आणि पानं घेऊन पुढे गेला.

पण गोष्ट त्याच्या हातात राहिली नव्हती. आपण सिनेमात आहोत हे बन्सीलालने तोपर्यंत अख्ख्या गावाला सांगितलं होतं. आपण पडलो तो भाग फार उत्तम झाला आहे, तो सगळ्यांनी बघावा, असा त्याचा आग्रह. हे गोपालच्या कानावर गेलं तसा तो शाळेत आला. मॅडमशी नीट, आदराने बोलला, पण बसला नाही. हाड मोडलं असतं म्हणजे? सदुसष्ट वर्षांच्या माणसाला साबणावरून चालवायचं? मॅडमनी सांगितलं की तुम्ही एकदा बघा आणि मग मला बोला.

मंगळवारी ट्रक आला नाही. टोळी रिकामी होती. खिडक्यांना गोणपाट लावून पहिलीच्या वर्गात अंधार केला, आणि सोळा गडी लेकरांच्या बाकांवर गुडघे हनुवटीला लावून बसले. कुंदाबाई दाराशी टेकून उभी राहिली. उखर्डूला यायचं नव्हतं, पण त्याच्यावाचून सुरू करायला बन्सीलाल तयार नव्हता. त्याला पुढच्या बाकावर बसवलं. तो पडद्याकडे पाठ वळवून, तिरका होऊन टोळीकडे बघत राहिला. पडद्यावर काय आहे ते त्याला ठाऊक होतं.

पहिल्या खेपेला सगळे गप्प. चपला मागे राहिल्या तेव्हा कोणीतरी हुंकारलं, पण लगेच सावरलं. दुसऱ्या खेपेला पडद्यावरचा पाय सालीच्या जवळ आला तसा गोपालने बाकाची कड धरली. पाय गेला. तिसरी, चौथी. साली वाढत चालल्या. साबण आला. नवलच्या घशातून एक आवाज निघाला, त्याने तो खोकल्यात बुडवला. तेल आलं. नवल पुन्हा खोकला, आता शेजारचे तिघंही खोकू लागले. आणि मग बन्सीलाल आला, अक्कल शिकवायला, आणि आडवा झाला, आणि मॅडम चारीत बसल्या तसं पडद्यावर नुसतं आभाळच दिसू लागलं, आणि त्या आभाळाखालून उखर्डू आला. खांद्यावर घड. थांबला. बन्सीलालकडे एक खोड बघावं तसं बघितलं. ओलांडून गेला.

वर्ग फुटला. नवल बाकावरून खाली गेला. बन्सीलाल स्वतः डोळे पुसत होता आणि पुन्हा लावा म्हणत होता. सोळा माणसं हसत होती, पण उखर्डूला कळत होतं की हे हसणं बागवाला पडला त्याचं आहे. आपण त्यातून कोरडेच निघून गेलो, जसे सालींवरून गेलो. आणि गोपाल हसत नव्हता. तो बापाच्या पायांकडे बघत होता, पडद्यावरच्या नाही, बाकाखालच्या खऱ्या पायांकडे, आणि त्याच्या तोंडावर तेच होतं जे भाद्रपदात होतं.

सिनेमा संपला. कोणीतरी गोणपाट काढलं, ऊन आत आलं. झालं ते झालं, घरी जावं, असं मनाशी म्हणून उखर्डू उठला.

पण पहिलीच्या लेकराच्या बाकावर पंधरा मिनिटं घडी होऊन बसलेला पाय झोपला होता. त्या पायाला ना जमीन कळली, ना बोटं फाकली. उखर्डू सगळ्या टोळीसमोर, कोरड्या, झाडलेल्या, सपाट फरशीवर सरळ खाली गेला. जाता जाता त्याने आधाराला बाक धरला, बाक त्याच्यावर आला, आणि बाकावर ठेवलेली खडूंची पेटी बाकाबरोबर आली. पांढरी धूळ उडाली.

हसणं जिथल्या तिथे थांबलं. दोघं पुढे झाले. नवल उठू लागला. कुंदाबाईने पदर तोंडाला लावला.

गोपाल उभा होता. तोंड उघडलं होतं, 'आबा' म्हणायलाच उघडलं असावं. त्याने बापाकडे पाहिलं. खडूने पांढरा झालेला बाप बाकाखाली उताणा होता, आणि तोंड तेच. तेलावरून गेला होता हा माणूस. साबणावरून गेला होता. दहा सालींवरून घड घेऊन गेला होता, नऊ वेळा. गोपालच्या छातीतून काहीतरी वर आलं, त्याने ते दाबायला हात तोंडाशी नेला, आणि ते हाताच्या फटीतून फुटलं. तो हसला. असा हसला की त्याला भिंत धरावी लागली, आणि "फरशी" एवढाच एक शब्द तो पुन्हा पुन्हा बोलायचा प्रयत्न करत होता आणि तो पुरा होत नव्हता. मग नवल पुन्हा खाली बसला. मग सगळे. बन्सीलालने तर आपलं पडणं ह्याच्यापुढे काहीच नाही असं जाहीर केलं, आणि ते कोणी ऐकलं नाही.

उखर्डू खाली पडून ऐकत होता. हात हलवून पाहिले, हलले. पायाला मुंग्या येत होत्या, म्हणजे तोही होता. वर सोळा माणसांचा गलका होता आणि त्यात मुलाचा आवाज सगळ्यांत मोठा होता, लहानपणी होता तसा, नाकातून निघणारा.

पुढे झालेल्या दोघांनी वाकून त्याच्या काखेत हात घातले. त्यांचेही खांदे गदगदत होते. उखर्डूने त्यांचे हात बाजूला केले.

"दम खा रे," तो म्हणाला. "हासनं होऊ द्या आधी."